दादासाहेब फाळके यांचे माहितीपट आणि लघुपट

धुंडिराज गोविंद फाळके ऊर्फ दादासाहेब फाळके (३० एप्रिल १८७० – १६ फेब्रुवारी १९४४) हे भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक मानले जातात. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या पूर्ण लांबीच्या मूक कथापटामुळे आणि त्यानंतरच्या पौराणिक चित्रपटांमुळे त्यांची कीर्ती देशभर पसरली. मात्र कथापटांबरोबरच त्यांनी निसर्ग, तीर्थक्षेत्रे, उत्सव, लेणी आणि कारखाने यांची वास्तव दृश्ये टिपणारे अनेक लघुपट तयार केले. खुद्द चित्रपटनिर्मितीची प्रक्रिया दाखवणारा एक माहितीपटही त्यांनी काढला आणि भारतीय चित्रपटाच्या जन्माची हकीकत मराठीत लिहून ठेवली. फाळके यांनी एकूण ९५ चित्रपट आणि २७ लघुपट तयार केले, अशी गणना प्रचलित आहे. त्यांतील बहुतेक लघुपट आज नष्ट झाले आहेत. प्रस्तुत लेखात फाळके यांच्या जीवनाचा आणि कारकिर्दीचा आढावा मुख्यतः या कमी परिचित बाजूने घेतला आहे.

जन्म आणि शिक्षण

फाळके यांचा जन्म नाशिकजवळील त्र्यंबकेश्वर येथे झाला. त्यांचे वडील गोविंद सदाशिव ऊर्फ दाजीशास्त्री फाळके हे संस्कृतचे विद्वान होते. मुंबईच्या विल्सन महाविद्यालयात त्यांची अध्यापक म्हणून नेमणूक झाल्यावर कुटुंब मुंबईस आले. १८८५ मध्ये धुंडिराज यांनी सर जमशेदजी जिजीभाई कलाशाळेत प्रवेश घेतला. पुढे ते बडोद्यास गेले आणि तेथील कलाभवनात त्यांनी चित्रकला व शिल्पकला यांच्या जोडीला छायाचित्रणाचा अभ्यास केला. कलाभवनाचे प्रमुख प्राध्यापक त्रिभुवनदास कल्याणदास गज्जर हे रसायनशास्त्रज्ञ होते. कला आणि उद्योग यांची सांगड घालणारे शिक्षण द्यावे, हा त्यांचा आग्रह होता. छायाचित्रणाची प्रयोगशाळा फाळके यांना तेथे मोकळेपणाने वापरता आली. छायाचित्रे धुणे, त्यांच्या प्रती काढणे, छपाईसाठी ठसे तयार करणे आणि तिरंगी छपाई ही कामे त्यांनी स्वतःच्या हातांनी शिकून घेतली.

शिक्षणानंतर फाळके यांनी गोध्रा येथे छायाचित्रकार म्हणून व्यवसाय सुरू केला. प्लेगच्या साथीत त्यांची पहिली पत्नी आणि मूल दगावले व त्यांनी गोध्रा सोडले. याच सुमारास ते जादूच्या प्रयोगांकडे वळले. आपल्या आडनावाची अक्षरे उलट क्रमाने लावून त्यांनी 'प्रोफेसर केल्फा' हे नाव घेतले आणि त्या नावाने ते प्रयोग करीत. १९०२ मध्ये त्यांचा दुसरा विवाह झाला. त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई पुढे त्यांच्या चित्रपटनिर्मितीतील पहिल्या साहाय्यक ठरल्या.

पुरातत्त्व खाते आणि छापखाना

१९०३ मध्ये फाळके यांना भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्यात आरेखक आणि छायाचित्रकार म्हणून नोकरी मिळाली. प्राचीन वास्तूंची मापे घेणे, नकाशे काढणे आणि छायाचित्रे टिपणे असे या कामाचे स्वरूप होते. या कामात कल्पनेपेक्षा अचूकतेला महत्त्व असते. वस्तू जशी आहे तशी नोंदवण्याची ही शिस्त पुढे त्यांच्या वास्तव चित्रणास उपयोगी पडली. स्वदेशी चळवळीच्या काळात त्यांनी ही सरकारी नोकरी सोडली.

त्यानंतर त्यांनी लोणावळा येथे ठसे तयार करण्याचा आणि छपाईचा कारखाना सुरू केला. राजा रविवर्मा यांच्या चित्रांच्या छपाईशीही त्यांचा संबंध आला. कारखाना पुढे दादर येथे हलवण्यात आला आणि 'लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग वर्क्स' या नावाने नावारूपास आला. १९०९ मध्ये फाळके जर्मनीस जाऊन रंगीत छपाईची यंत्रसामग्री घेऊन आले. भागीदारांशी मतभेद झाल्याने त्यांनी या भरभराटीच्या धंद्यातून अंग काढून घेतले. वयाच्या चाळिशीत ते पुन्हा उत्पन्नाच्या साधनाशिवाय राहिले.

चित्रपटाकडे ओढ

भारतात चित्रपटाचा पहिला खेळ ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात झाला. फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या त्या खेळात गाडीचे स्थानकात येणे, कामगारांचे कारखान्यातून बाहेर पडणे अशी नित्याच्या जीवनातील छोटी दृश्ये होती. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्तीच्या सामन्याचे चित्रण केले. केंब्रिजहून सीनियर रँग्लर होऊन परतलेल्या रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे यांच्या स्वागताचे दृश्य त्यांनी १९०१ मध्ये टिपले. म्हणजे फाळके या क्षेत्रात आले, त्याआधीच भारतीय चित्रणाची सुरुवात वास्तव घटनांच्या नोंदीने झाली होती.

मुंबईतील एका चित्रपटगृहात फाळके यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरील चित्रपट पाहिला. राम आणि कृष्ण यांच्या कथा अशाच पडद्यावर आणाव्यात, ही कल्पना त्यांच्या मनात तेव्हा रुजली. त्यानंतर कित्येक महिने त्यांनी मुंबईत लागणारा जवळजवळ प्रत्येक चित्रपट पाहिला, परदेशांतील यंत्रविक्रेत्यांच्या किंमतसूची मागवल्या आणि मिळतील ती पुस्तके वाचली. अपुरी झोप आणि सततचा ताण यांमुळे त्यांच्या डोळ्यांवर परिणाम होऊन काही काळ त्यांची दृष्टी गेली. डॉ. प्रभाकर यांच्या उपचारांनी ती परत आली. प्रकृती सावरल्यावर त्यांनी आपली बारा हजार रुपयांची विमा पॉलिसी तारण ठेवून पैसे उभे केले.

फेब्रुवारी १९१२ मध्ये ते लंडनला गेले. 'बायोस्कोप' या चित्रपटविषयक साप्ताहिकाचे संपादक कॅबर्न यांच्या ओळखीने त्यांना निर्माते सेसिल हेपवर्थ यांचा वॉल्टन येथील स्टुडिओ पाहता आला. तेथे त्यांनी चित्रीकरणापासून फिल्म धुण्यापर्यंतची सर्व कामे निरखली. विल्यमसन बनावटीचा कॅमेरा, फिल्मच्या कडांना भोके पाडण्याचे यंत्र आणि फिल्म धुण्याची व छापण्याची सामग्री यांची मागणी नोंदवून ते मुंबईस परतले. दादरच्या राहत्या घरातच त्यांनी 'फाळके फिल्म्स कंपनी' सुरू केली.

'अंकुराची वाढ'

यंत्रे आली, तरी कथापट काढण्याइतके भांडवल फाळके यांच्याजवळ नव्हते. चित्रपट हा भरवशाचा धंदा आहे, यावर कोणाचा विश्वास बसत नव्हता. आपले कौशल्य सावकारांना प्रत्यक्ष दाखवण्यासाठी त्यांनी वाटाण्याच्या रोपावर एक छोटा चित्रपट तयार केला. तो 'अंकुराची वाढ' या नावाने ओळखला जातो.

कुंडीत वाटाणा पेरून त्यांनी कॅमेरा तिच्यासमोर पक्का बसवला. महिन्याभराहून अधिक काळ ठरावीक अंतराने एकेक चौकट टिपत त्यांनी चित्रण केले. त्या काळी पडद्यावर सेकंदाला साधारणपणे सोळा चौकटी दाखवल्या जात. म्हणजे मिनिटभराच्या खेळासाठी साडेनऊशेहून अधिक वेळा तीच कृती करावी लागे. कॅमेऱ्याची जागा, कुंडीची जागा आणि प्रकाश यांत फरक पडला, तर पडद्यावर रोप थरथरल्यासारखे दिसले असते. अखेरीस तयार झालेल्या चित्रपटात मातीतून अंकुर फुटून रोप उंच होत जाताना दिसे. जी वाढ डोळ्यांना कधी जाणवत नाही, ती मिनिटभरात समोर घडे.

छायाचित्रणाच्या साहित्याचे व्यापारी यशवंतराव नाडकर्णी यांना हा चित्रपट दाखवल्यावर त्यांनी कर्ज देण्याची तयारी दर्शवली. सरस्वतीबाईंचे दागिनेही तारण ठेवण्यात आले. अशा रीतीने 'राजा हरिश्चंद्र'चे भांडवल एका शास्त्रीय लघुपटाच्या बळावर उभे राहिले. भारतातील पहिल्या शैक्षणिक चित्रपटांमध्ये या लघुपटाची गणना होते.

कथापटांच्या जोडीचे लघुपट

'राजा हरिश्चंद्र' ३ मे १९१३ रोजी मुंबईत गिरगावातील कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये प्रदर्शित झाला. त्या काळी चित्रपटगृहातील खेळ एकाच चित्रपटाचा नसे. मुख्य चित्रपटाबरोबर नृत्य, कसरती, विनोदी प्रवेश आणि छोटे चित्रपट दाखवले जात. 'राजा हरिश्चंद्र'च्या खेळातही एक नृत्य, एक विनोदी प्रवेश आणि पायांनी वस्तू झेलणाऱ्या कसरतपटूचा कार्यक्रम होता. या पद्धतीमुळे छोट्या चित्रपटांना नियमित मागणी होती आणि फाळके यांनी ती ओळखली.

१९१३ मध्ये त्यांनी आपला कारखाना नाशिकला हलवला. तेथून 'मोहिनी भस्मासुर' आणि 'सत्यवान सावित्री' हे कथापट बाहेर पडले. त्यांच्या जोडीने आणि पुढील वर्षांत त्यांनी जे लघुपट केले, त्यांचे स्थूलमानाने तीन प्रकार करता येतात.

पहिला प्रकार विनोदी आणि चमत्कृतिपूर्ण लघुपटांचा. 'पिठाचे पंजे' हा विनोदी प्रहसनाच्या धर्तीचा होता. 'लक्ष्मीचा गालिचा' आणि प्रोफेसर केल्फा यांच्या जादूवरील लघुपट यांत जादूगार फाळके आणि छायाचित्रकार फाळके एकत्र आले.

दुसऱ्या प्रकारात निर्जीव वस्तूंना हालचाल देणारे लघुपट येतात. 'आगकाड्यांची मौज' मध्ये आगकाड्या आपोआप सरकून आकृती तयार करताना दिसत. दर चौकटीनंतर काडी किंचित हलवायची आणि पुढील चौकट टिपायची, हे त्यामागील तंत्र होते. वाटाण्याच्या रोपाचे चित्रण ज्या तत्त्वावर केले, तेच तत्त्व येथे वापरले होते. फरक इतकाच, की तेथे निसर्ग रोप हलवीत होता आणि येथे चित्रपटकार काडी हलवीत होता. भारतीय सचेतपटाच्या इतिहासाची सुरुवात या लघुपटापासून केली जाते.

तिसरा आणि प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाचा प्रकार वास्तव दृश्यांचा. नाशिक आणि त्र्यंबक येथील देखावे, सिंहस्थ पर्वणी आणि कार्तिकी पौर्णिमेचा उत्सव यांवर त्यांनी लघुपट काढले. गोदावरीचे घाट आणि त्र्यंबकेश्वर हा तर त्यांच्या जन्मभूमीचाच परिसर होता. वेरूळच्या लेण्यांवरील लघुपटात त्यांच्या पुरातत्त्व खात्यातील अनुभवाचा धागा दिसतो. तळेगावच्या काचकारखान्यावरही त्यांनी लघुपट केला. पैसा फंडाच्या साहाय्याने १९०८ मध्ये तळेगाव येथे काचकारखाना सुरू झाला होता. सामान्य लोकांकडून एकेक पैसा गोळा करून देशी उद्योग उभारावेत, हा त्या फंडाचा हेतू होता. स्वदेशीसाठी सरकारी नोकरी सोडणाऱ्या फाळके यांना हा विषय जवळचा वाटणे स्वाभाविक होते.

महायुद्धाचा काळ

१९१४ मध्ये फाळके आपले तीन कथापट घेऊन पुन्हा लंडनला गेले. तेथील जाणकारांनी त्यांच्या तांत्रिक कौशल्याचे कौतुक केले आणि हेपवर्थ यांनी त्यांना इंग्लंडमध्ये राहून काम करण्याविषयी सुचवले. फाळके यांनी ते नाकारले. आपला धंदा भारतातच उभा राहिला पाहिजे, अशी त्यांची भूमिका होती. याच सुमारास पहिले महायुद्ध सुरू झाले. कच्ची फिल्म परदेशातून येत असल्याने तिची टंचाई झाली आणि ज्यांनी पैसे देण्याचे कबूल केले होते, त्यांनी हात आखडता घेतला. नाशिकच्या कारखान्यातील माणसांचे पगार देणे कठीण झाले.

या काळात मोठे कथापट काढणे शक्य नव्हते. कमी फिल्ममध्ये, नट आणि पोशाख यांच्या खर्चाशिवाय होणारे लघुपट मात्र करता येत होते. पौराणिक चित्रपटासाठी राजवाडे, रथ आणि मुकुट उभे करावे लागत. घाट, उत्सव आणि कारखाने यांचे चित्रण करायचे, तर कॅमेरा तेथवर नेला की पुरे. म्हणूनच आर्थिक संकटाच्या या वर्षांत वास्तव दृश्यांचे चित्रण फाळके यांना कारखाना चालू ठेवण्यास उपयोगी पडले.

'चित्रपट कसा तयार करतात'

१९१७ हे वर्ष फाळके यांच्या कारकिर्दीत निर्णायक ठरले. त्यांनी 'राजा हरिश्चंद्र' पुन्हा नव्याने चित्रित केला आणि 'लंका दहन' पूर्ण केला. 'लंका दहन' मध्ये अण्णा साळुंके यांनी राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. या चित्रपटाने गर्दीचे उच्चांक गाठले.

याच वर्षी त्यांनी 'चित्रपट कसा तयार करतात' हा माहितीपट काढला. त्यात स्वतः फाळके पडद्यावर दिसतात. नटांना सूचना देणारे, फिल्मची पट्टी उजेडात धरून तपासणारे आणि तिचे तुकडे जोडणारे फाळके यात पाहावयास मिळतात. भोवती त्यांच्या कारखान्यातील माणसे काम करताना दिसतात.

या माहितीपटामागे व्यावहारिक हेतू होता. चित्रपट ही परदेशी जादू नसून येथील माणसे, येथील हातांनी, येथेच ती करू शकतात, हे प्रेक्षकांना आणि भांडवलदारांना पटवणे आवश्यक होते. जादूगार आपले रहस्य उघड करीत नाही, हा संकेत मोडून फाळके यांनी आपली सर्व कला खुली केली. परिणामी भारतातील चित्रपटनिर्मितीचे अगदी प्रारंभीचे स्वरूप दाखवणारा हा एक दुर्मीळ दृश्य पुरावा ठरला. भारतात चित्रपटाने स्वतःकडे वळून पाहिल्याचे हे पहिले ठळक उदाहरण होय.

१९१९ च्या 'कालिया मर्दन' मध्येही ही वृत्ती दिसते. या चित्रपटात बालकृष्णाची भूमिका फाळके यांची कन्या मंदाकिनी हिने केली. कथा सुरू होण्यापूर्वी त्यांनी मंदाकिनीला तिच्या नेहमीच्या रूपात पडद्यावर आणले आणि तिच्या चेहऱ्यावरील निरनिराळे भाव दाखवले. प्रेक्षक पौराणिक कथा पाहण्यापूर्वी ती साकारणाऱ्या सात वर्षांच्या मुलीची ओळख करून घेतो. कथापटाच्या आरंभी जोडलेला हा छोटा माहितीपटच आहे.

'नवयुग' मधील लेखमाला

नोव्हेंबर १९१७ पासून 'नवयुग' या मराठी मासिकात फाळके यांनी भारतीय चित्रपटावर लेखमाला लिहिली. ख्रिस्ताचा चित्रपट पाहिल्यापासून लंडनचा प्रवास, यंत्रांची जमवाजमव, स्त्रीपात्रांसाठी झालेली वणवण आणि पैशांची विवंचना अशी आपल्या धडपडीची हकीकत त्यांनी या लेखांत सांगितली. चित्रपटकार होण्यास कोणकोणत्या कलांचे ज्ञान लागते, याचेही विवेचन त्यांनी केले.

ही घटना घडून जेमतेम चार-पाच वर्षे झाली होती. भारतीय चित्रपटाला इतिहास आहे, असे तोवर कोणाच्या मनातही आले नव्हते. अशा वेळी एका निर्मात्याने आपल्या कामाची नोंद लोकांच्या भाषेत, सर्वसाधारण वाचकांच्या मासिकात करून ठेवली. फाळके यांच्यावर पुढे लिहिल्या गेलेल्या बहुतेक चरित्रांना आणि चित्रपटाच्या इतिहासांना या लेखांचा आधार घ्यावा लागला आहे. अर्थात ही नोंद स्वतः कर्त्याने केलेली असल्याने तिच्यात त्याचा दृष्टिकोन येणे अपरिहार्य आहे. 'राजा हरिश्चंद्र'पूर्वी, १८ मे १९१२ रोजी, दादासाहेब तोरणे यांचा 'पुंडलिक' प्रदर्शित झाला होता. मात्र ते एका नाटकाचे चित्रण होते आणि त्यावरील प्रक्रिया परदेशात झाली होती, या कारणांनी बहुतेक अभ्यासक पहिल्या भारतीय कथापटाचा मान 'राजा हरिश्चंद्र'ला देतात. या प्रश्नावरील चर्चा आजही चालू आहे.

हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी

'लंका दहन' च्या यशानंतर भांडवलदार पुढे आले. लोकमान्य टिळक आणि उद्योगपती रतन टाटा यांनीही फाळके यांच्या उद्योगात रस घेतला होता. त्या वाटाघाटी फळास आल्या नाहीत. १९१८ मध्ये वामनराव आपटे आणि मुंबईतील काही व्यापारी यांच्या भागीदारीत नाशिक येथे 'हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी' स्थापन झाली. 'श्रीकृष्ण जन्म' (१९१८) आणि 'कालिया मर्दन' हे या कंपनीचे प्रारंभीचे गाजलेले चित्रपट होत.

आर्थिक स्थैर्य आले, तरी निर्णयाचे स्वातंत्र्य कमी झाले. भागीदारांना खर्चावर नियंत्रण हवे होते आणि फाळके यांना कामाच्या दर्जाशी तडजोड मान्य नव्हती. मतभेद विकोपास जाऊन त्यांनी कंपनी सोडली आणि ते कुटुंबासह काशीस गेले. तेथील वास्तव्यात त्यांनी 'रंगभूमी' हे नाटक लिहिले. त्याचा विषय मराठी रंगभूमीची तत्कालीन स्थिती हाच होता. चित्रपटातून चित्रपटनिर्मिती दाखवणाऱ्या फाळके यांनी नाटकातून नाट्यव्यवसायाची चिकित्सा केली. १९२२ मध्ये ते कंपनीत परतले, परंतु भागीदार म्हणून नव्हे, तर पगारी निर्मितिप्रमुख म्हणून.

चौकशी समितीसमोर साक्ष

भारतातील चित्रपट व्यवसायाची पाहणी करण्यासाठी सरकारने १९२७ मध्ये टी. रंगाचारियार यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. समितीने देशभर फिरून निर्माते, चित्रपटगृहांचे मालक आणि इतर जाणकार यांच्या साक्षी नोंदवल्या. फाळके यांनीही समितीपुढे आपले म्हणणे मांडले. चित्रपटाचे तंत्र, अभिनय आणि पटकथालेखन शिकवणारी संस्था भारतात असावी, असे त्यांचे मत होते. ते स्वतः पुस्तके वाचून, परदेशात जाऊन आणि चुका करत शिकले होते. पुढील पिढीला तीच वाट पुन्हा चालावी लागू नये, ही त्यामागची तळमळ होती. पुण्यात शासकीय चित्रपट संस्था स्थापन होण्यास त्यानंतर १९६० साल उजाडावे लागले.

उत्तरायुष्य

१९३१ मध्ये 'आलम आरा' हा पहिला भारतीय बोलपट प्रदर्शित झाला आणि मूकपटांचा काळ झपाट्याने संपला. फाळके यांचा 'सेतुबंधन' मूकपट म्हणून तयार झाला होता. त्याला नंतर ध्वनी जोडावा लागला. हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनीही पुढे बंद पडली. कोल्हापूर येथे तयार झालेला 'गंगावतरण' (१९३७) हा त्यांनी दिग्दर्शित केलेला एकमेव बोलपट आणि त्यांचा अखेरचा चित्रपट ठरला.

बोलपटांच्या काळात माहितीपटांचे क्षेत्रही बदलले. दुसऱ्या महायुद्धात सरकारने प्रचारासाठी चित्रपट आणि वार्तापट काढणाऱ्या संस्था उभारल्या. स्वातंत्र्यानंतर, १९४८ मध्ये, फिल्म्स डिव्हिजनची स्थापना होऊन देशभरातील चित्रपटगृहांत मुख्य चित्रपटापूर्वी माहितीपट दाखवण्याची पद्धत रूढ झाली. मुख्य खेळाच्या जोडीला वास्तव दृश्यांचा लघुपट दाखवण्याचा प्रघात फाळके यांनी खाजगी प्रयत्नांतून कित्येक वर्षे आधीच पाळला होता. हा बदल पाहण्यास ते हयात नव्हते. अखेरची वर्षे नाशिक येथे हलाखीत काढून १६ फेब्रुवारी १९४४ रोजी त्यांचे निधन झाले. त्या वेळी चित्रपट व्यवसायातील फार थोड्या लोकांना त्यांची आठवण राहिली होती.

चित्रपटांचे जतन

मूकपटांच्या काळात वापरली जाणारी नायट्रेट फिल्म अत्यंत ज्वालाग्राही असे आणि दमट हवेत ती विरघळून तिची भुकटी होई. खेळ संपल्यावर जुन्या प्रतींना व्यापारी मूल्य उरत नसे. फिल्मवरील चांदी काढून घेण्यासाठी त्या विकल्याही जात. भारतात तयार झालेल्या तेराशेहून अधिक मूकपटांपैकी अगदी मोजके आज शिल्लक आहेत. लघुपटांची स्थिती याहून वाईट आहे. कथापटांची निदान जाहिरातींत आणि वृत्तपत्रांत नोंद होई, तर लघुपट खेळाच्या जोडीला दाखवण्याचे किरकोळ साहित्य मानले जात.

१९६४ मध्ये पुणे येथे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. तेथील पी. के. नायर यांनी फाळके यांच्या चित्रपटांचे अवशेष मिळवून जतन करण्यासाठी विशेष परिश्रम घेतले. 'राजा हरिश्चंद्र'चा काही भाग, 'लंका दहन' आणि 'श्रीकृष्ण जन्म' यांचे तुकडे व बराचसा 'कालिया मर्दन' आज उपलब्ध आहे. लघुपटांपैकी 'पिठाचे पंजे' आणि 'चित्रपट कसा तयार करतात' यांचे अंश उरले आहेत. उपलब्ध 'राजा हरिश्चंद्र' हा १९१३ चा आहे की १९१७ च्या दुसऱ्या आवृत्तीचा, याविषयी अभ्यासकांनी चर्चा केली असून तो १९१७ चा असावा, असे अनेकांचे मत आहे.

वाटाण्याच्या रोपाचा चित्रपट, सिंहस्थाची गर्दी, त्या काळचे वेरूळ आणि तळेगावचा काचकारखाना ही दृश्ये आता पाहता येत नाहीत. या हानीला केवळ कलेच्या दृष्टीने महत्त्व आहे, असे नाही. रामायणातील किंवा कृष्णचरित्रातील प्रसंग पुन्हा चित्रित होऊ शकतो आणि तसा तो अनेकदा झालाही. विसाव्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकातील नाशिकचे घाट, तेथील यात्रेकरू आणि देशी कारखान्यात काम करणारे कामगार यांचे चलचित्र मात्र पुन्हा मिळवता येत नाही.

वारसा

भारत सरकारने १९६९ पासून फाळके यांच्या नावाने चित्रपटसृष्टीतील सर्वोच्च पुरस्कार देण्यास सुरुवात केली. पहिला पुरस्कार अभिनेत्री देविका राणी यांना मिळाला. परेश मोकाशी दिग्दर्शित 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' (२००९) या मराठी चित्रपटाने 'राजा हरिश्चंद्र'च्या निर्मितीची कथा नव्या पिढीपुढे आणली. फाळके यांच्या जीवनाचा दीर्घकाळ मागोवा घेणारे कमल स्वरूप यांनी त्यांच्या काशीतील वास्तव्यावर 'रंगभूमी' हा माहितीपट केला आणि त्याला सर्वोत्कृष्ट कथाबाह्य चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. अशा रीतीने ज्या चित्रपटकाराने माहितीपटातून आपल्या व्यवसायाची नोंद ठेवली, त्याचे जीवन पुढे माहितीपटाचाच विषय झाले.

फाळके यांचे स्मरण प्रामुख्याने पौराणिक चित्रपटांसाठी केले जाते आणि ते योग्यही आहे. तथापि त्यांच्या लघुपटांचा विचार केल्याशिवाय त्यांच्या कार्याचे चित्र पूर्ण होत नाही. त्यांचे पहिले भांडवल वाटाण्याच्या रोपाने मिळवून दिले. महायुद्धाच्या काळात वास्तव दृश्यांनी त्यांच्या कारखान्याला आधार दिला. भारतात चित्रपट प्रथम कोणत्या हातांनी आणि कोणत्या साधनांनी घडवला गेला, हे आज आपल्याला काही अंशी डोळ्यांनी पाहता येते, ते 'चित्रपट कसा तयार करतात' या माहितीपटाच्या उरलेल्या काही फूट फिल्ममुळे.